टोपी उचलणारा तिसरा माणूस

डाव्या-उजव्यात माझी चूक होत नाही, असं मी वीस वर्षं छातीठोकपणे सांगत आले. फिजिओथेरपिस्टला तसं म्हणावंच लागतं. समोर उभ्या राहिलेल्या माणसाचा उजवा पाय आपल्या डाव्या हाताला येतो. त्यात त्याला आरशासमोर उभं केलं की नवीन मुलींची पार भंबेरी उडते. माझी कधी उडाली नाही. डावं कुठलं आणि उजवं कुठलं हे मी फार लहानपणी रडून-रडून पाठ केलं होतं.

मी जन्मानं डावखुरी. मिरजेच्या आमच्या घरात याला खोड म्हणत, आणि खोड ही मोडायचीच असते. जेवायला बसलं की आई माझ्या डाव्या मुठीवर फडकं गुंडाळून गाठ मारायची. देवळात प्रसादाला डावा हात पुढे केला म्हणून तिनं सगळ्यांदेखत चापट मारली होती. फुटाणे फरशीवर सांडले, मी ते रडत रडत वेचायला लागले, तेही डाव्या हातानं, म्हणून आणखी एक. दुसरीत असताना मी रोज सकाळी उजव्या मनगटावर शाईचा ठिपका काढून शाळेत जायचे, चांगला हात कुठला ते विसरू नये म्हणून. आई जाऊन आता बरीच वर्षं झाली. या एका गोष्टीसाठी मी तिला अजून माफ केलेलं नाही.

आणि लग्न होऊन आले कुठे, तर सौदीत. नवरा मूळचा नाशिकचा, राबिघच्या रिफायनरीत इंजिनिअर. मी इथल्याच एका खासगी हॉस्पिटलात, बायकांच्या विभागात. इथे डाव्या हाताचं नाव काढायची सोय नाही. पहिल्याच वर्षी एका आजीबाईंना मी घाईघाईत डाव्या हातानं कॉफीचा पेला पुढे केला. त्या नुसत्या माझ्याकडे बघत बसल्या. मी हात बदलला तेव्हा कुठे त्यांनी पेला घेतला आणि वर माझ्यासाठी दुआही मागितली. मला आईच आठवली. दिवसभर मी "यमीन, यसार, यमीन, यसार" असं ओरडत बायकांना चालवत असते. उजवा, डावा, उजवा, डावा. आमच्या खोलीत एक भिंतभर आरसा आहे, आपण कसं चालतो ते पेशंटला दिसावं म्हणून.

बल्गेरियाच्या डॉक्टरबाई मला भेटल्या त्या याच आरशासमोर. त्या आमच्याकडे स्त्रीरोगतज्ज्ञ होत्या, बावीस वर्षं एकाच हॉस्पिटलात. गावातल्या निम्म्या पोरांना जगात त्यांनी आणलं, असं नर्सेस म्हणायच्या. उंच, हाडापेरानं मजबूत, एकट्या. त्यांचा उजवा खांदा आखडला होता म्हणून त्या माझ्याकडे आल्या आणि पहिल्याच दिवशी मला म्हणाल्या, "तू फार जोरात ओरडतेस. मी सैन्यात नाही." मीही म्हटलं, "तुम्ही लेबर रूममध्ये कुजबुजता वाटतं?" त्या हसल्या. आमचं बोलणं इंग्रजीत चालायचं. त्यांचं इंग्रजी ठोकळेबाज आणि माझं हॉस्पिटलपुरतं, पण भांडायला पुरेसं होतं. पुढे कळलं की त्या आमच्याच कंपाउंडमध्ये, समोरच्या फ्लॅटमध्ये राहतात. मग शुक्रवारची दुपार आमच्याकडे, हे ठरूनच गेलं. पोहे त्यांना आवडायचे, पण मिरची त्या एकेक करून बशीच्या काठावर मांडून ठेवायच्या.

मिरच्या त्यांना दिसेनाशा झाल्या तेव्हा मला पहिली शंका आली. त्यांच्या एका डोळ्याचा पडदा आधीच खराब झालेला होता. त्या वर्षी दुसराही गेला. पूर्ण आंधळेपण नव्हे, नजरेचा नेमका मधला भाग गेला. कडेकडेचं दिसायचं, म्हणजे दाराची चौकट, जमिनीवरून जाणारी मांजर, माझे हात. चेहऱ्याच्या जागी मात्र करडा डाग. वाचणं संपलं, ऑपरेशन थिएटर तर आधीच बंद झालं होतं. हॉस्पिटलनं त्यांना मानानंच वागवलं, काही महिने नुसतं ओपीडीत बसू दिलं, पण कॉन्ट्रॅक्ट पुढे वाढणार नव्हतं. इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, संपायला सहा आठवडे उरले होते. मग फायनल एक्झिट, खलास. त्यांच्या गावी त्यांचं कुणी नव्हतं. भाऊ मागेच गेला होता, घर मात्र होतं.

त्याच सहा आठवड्यांत ती ईमेल आली. त्यांच्या ईमेल तेव्हा मीच वाचून दाखवायचे, माझ्याच फोनवर यायच्या त्या, कारण त्यांना अक्षर लागत नव्हतं. तिकडच्या एका फिल्म संग्रहालयानं इंग्रजीत लिहिलं होतं, कारण बाईंनी गावी कळवलेला पत्ता माझा होता. त्यांच्या गावच्या जुन्या शाळेच्या माळ्यावर एक डबा सापडला होता. त्यात शंभर वर्षांपूर्वीच्या एका मूकपटाचा तुकडा होता. चित्रपट त्याच गावात काढलेला, बाकी सगळा जळून गेलेला. आता ते गावातल्या जुन्या घराण्यांना विचारत होते, तुमचं कुणी यात दिसतं का ते सांगा, म्हणजे नावांच्या यादीत घालता येईल. सोबत चाळीस सेकंदांची कच्ची, न धुतलेली प्रत जोडली होती.

मी वाचून संपवलं. खांद्याला शेक देत होते तो मी काढला तरी हलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "त्यात माझे आजोबा आहेत. निदान ते तसं म्हणायचे."

त्या शुक्रवारी पोहे गार होईपर्यंत त्यांनी आजोबांची गोष्ट सांगितली. आजोबा फिरत्या नाटक कंपनीत होते. राजे-सरदारांच्या भूमिका करायचे, आवाज मोठा होता. मग लढाईवर गेले आणि उजवा गुडघा कायमचा ताठ घेऊन परत आले. लंगडा राजा कुणाला हवा? कंपनीनं त्यांना पडद्यामागे बसवलं, इतरांना संवाद पुरवायला. अशात गावात चित्रपट काढणारी माणसं आली. त्यांना मोठा आवाज नको होता, आवाजच नको होता. टोप्या विकणाऱ्या एका माणसाची गंमत होती म्हणे ती. त्यात एक प्रवेश असा होता की गावातले पुरुष रस्ता ओलांडतात आणि समोरून येणाऱ्या नायिकेला टोपी उचलून नमस्कार करतात. ती एकाकडेही बघत नाही. फक्त एकाला ओलांडून पुढे जाते, थांबते, आणि मागे वळून त्याच्याकडे बघते. "तो मी," आजोबा सांगायचे. एवढीच भूमिका. पाटीवर नाव नाही, काही नाही. आयुष्यभर ते एवढंच सांगत राहिले. पुढे फिल्म जळाली. ज्यांनी ती पाहिली होती ते म्हातारे होऊन मेले. मग गावाला वाटू लागलं की हा लंगडा म्हातारा थापा मारतो. सुंदर बाई वळून बघते, आणि कुणाकडे? याच्याकडे?

"मी सात वर्षांची होते," बाई म्हणाल्या. "रोज सकाळी आम्ही पाव आणायला जायचो. आजोबांना काठी आवडत नसे. मी त्यांच्या डाव्या अंगाला चालायचे आणि ते डावा हात माझ्या या खांद्यावर ठेवायचे. मीच त्यांची काठी. एक दिवस रांगेत त्यांनी पुन्हा ती गोष्ट काढली. लोक एकमेकांना डोळे मारत होते. मला लाज वाटली. मी सगळ्यांसमोर म्हटलं, आजोबा, तू खोटारडा आहेस. त्यांनी माझ्या खांद्यावरचा हात काढून घेतला. घरी जाताना ते भिंतीला धरून चालले. त्याच हिवाळ्यात ते गेले."

माझा नवरा सहसा अशा वेळी काहीतरी विनोद करतो. त्यानं केला नाही. उठून टीव्हीची वायर जोडायला लागला.

"आता बघून सांग," बाई मला म्हणाल्या. "मला त्यांचा चेहरा आठवत नाही, आठवला असता तरी दिसणार नाही. पण त्यांची चाल मला ठाऊक आहे. आणि चाल बघायची कशी हे तुला ठाऊक आहे. म्हणून तू. दुसरं कुणी नको."

मी सुचवलं होतं की त्यांच्या गावच्या एखाद्या मैत्रिणीला फोनवर बघायला सांगू. त्यांनी मान उडवली. मैत्रीण चेहरे बघेल, टोप्या बघेल आणि आपलं मन राखायला हो म्हणेल. तू खोटं बोलत नाहीस, तुला तेवढी सभ्यताच नाही, असंही वर म्हणाल्या. मला ते फार आवडलं. कौतुकाला मी अशी भाळते.

चित्र सुरू झालं. आधी नुसते डाग, ओरखडे, मग त्याच्यामागून एक रस्ता. सगळी माणसं तुरुतुरु पळत होती, जुन्या फिल्मांत पळतात तशी. नवऱ्यानं वेग निम्म्यावर आणला, मग आणखी कमी केला, तेव्हा ती माणसांसारखी चालू लागली. कोपऱ्यात एक दुकान, वर पाटी, पण पाटी पांढरट डागाखाली गेलेली. एक गाढव. तीन पुरुष डावीकडून येऊन रस्ता ओलांडतात. पहिला टोपी उचलतो, दुसरा उचलतो. तिसरा जरा मागे राहिलेला, तोही उचलतो. कडेला एका बाईची बाही आत येते, आणि तिथे फिल्म संपते.

बाई टीव्हीला नाक टेकेल इतक्या जवळ बसल्या होत्या. "काहीतरी हलतंय," एवढंच म्हणाल्या.

तिसरा माणूस लंगडत होता. मी खुर्चीवरून उठूनच उभी राहिले. "आहे! तिसरा!" नवऱ्यानं चित्र मागे नेलं. मी पुन्हा बघितलं, पाच वेळा, सहा वेळा. आता माझं काम सुरू झालं होतं आणि माझ्या अंगात आलं होतं. हे लंगडणं नाटकातलं नव्हतं. नाटकातला लंगडा प्रत्येक पावलाला सारखा लंगडतो. याचा गुडघा खरोखर वाकत नव्हता, म्हणून तो पाय बाहेरून अर्धगोल फिरवून पुढे टाकत होता आणि ते लपवायला खांदा किंचित वर घेत होता. वर्षानुवर्षांची सवय होती ती. मी सगळं जोरजोरात सांगत होते. बाईंनी दोन्ही हात एकमेकांत घट्ट अडकवले होते.

"कुठला पाय?" त्यांनी विचारलं.

"डावा."

त्या अगदी हळू म्हणाल्या, "नक्की?"

आता इथे कुणीही शहाणी बाई थांबली असती. पुन्हा एकदा विचार केला असता. पण डाव्या-उजव्याबद्दल मला 'नक्की?' विचारलेलं सहन होत नाही. मी चक्क मराठीत म्हटलं, "हातच्या कांकणाला आरसा कशाला!" आणि मग त्याचा अर्थ इंग्रजीत सांगितला. माणूस आपल्याकडेच तोंड करून येतोय, माझ्या उजव्या हाताला जो पाय दिसतो तो त्याचा डावा. त्यात चूक कशी होईल?

बाईंनी आपला डावा हात उचलून स्वतःच्या उजव्या खांद्यावर ठेवला, आणि तो कुठे पोचतो ते जणू तपासून बघितलं. "त्यांचा उजवा होता," त्या म्हणाल्या. "हा खांदा चुकणार नाही. लढाईनंतर आमच्या गावात निम्मे पुरुष लंगडत होते. हा दुसरा कुणीतरी."

"बाकी दोघं?" नवऱ्यानं विचारलं.

बाकी दोघं धडधाकट होते. ते मीच सांगितलं.

आता मला जे सांगायचं आहे ते मी आजवर फक्त नवऱ्याला सांगितलं आहे. त्या चाळीस सेकंदांत मला आणखी एक गोष्ट दिसली होती. तिघेही पुरुष टोपी डाव्या हातानं उचलत होते. तिघेही, एकजात. पहिल्यांदा दिसलं तेव्हा मला वाटलं, बघ, तिकडची रीतच अशी दिसते. जगाच्या पाठीवर एक गाव असं आहे जिथे मोठी माणसं भर रस्त्यात, एका बाईला मान द्यायला डावा हात वापरतात, आणि कुणी त्यांच्या मुठीला फडकं बांधत नाही. इतकं बरं वाटलं मला. ते सुख मी कुणाला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर माझ्या डावखुरेपणाची सगळी कहाणी काढावी लागली असती, आणि ती वेळ नव्हती. बाईंनी विचारलं, "टोपी कशी उचलतो तो?" मी म्हटलं, "छान, पार वरपर्यंत." कुठल्या हातानं, हे मी बोलले नाही. त्यांनी विचारलंही नाही. टोपी उजव्या हातानंच उचलतात, हे त्यांच्या लेखी विचारण्यासारखं नव्हतंच.

थोड्या वेळानं बाई हसल्या. "म्हणजे म्हातारा थापाड्याच होता," म्हणाल्या. "मी उगीच पंचावन्न वर्षं वाईट वाटून घेतलं." मग त्यांनी पोहे मागितले. गरम करून दिले ते त्यांनी सगळे खाल्ले, मिरच्यांसकट, आणि तिखट लागलं म्हणून डोळे पुसत राहिल्या. मला कळत होतं की हे तिखटाचं नाही. पण मी काय करू शकत होते? जे दिसलं ते सांगितलं होतं.

उत्तर त्यांनी तिथेच सांगून टाकलं, मी फोनवर टाइप केलं. 'माझे आजोबा या तुकड्यात नाहीत. आपण घेतलेल्या श्रमांबद्दल आभारी आहे.' खाली त्यांचं नाव. मी वाचून दाखवलं. त्या म्हणाल्या, "पाठव. यल्ला, चल."

महिन्याभरात त्या गेल्या. जेद्दाच्या विमानतळावर आम्हीच सोडायला गेलो. रस्ताभर त्या खिडकीला गाल लावून कडेकडेचा समुद्र बघत होत्या. पुढे दर शुक्रवारी आमचा फोन ठरलेला. मी उचलला की त्या म्हणायच्या, "थापाड्याची नात बोलतेय." दर वेळी. तो त्यांचा विनोद झाला होता आणि मीही हसायचे. त्यांनी आजोबांना माफ केलं होतं, आता ते त्यांना एक गोड, बढाईखोर म्हातारे वाटत होते. एकदा म्हणाल्या की आजोबांचा एकुलता एक फोटो त्यांनी शेजारणीला माळ्यावर ठेवायला सांगितला, नाहीतरी दिसत नाही.

एका शुक्रवारी फोन आला नाही. मी केला. दुसऱ्याच कुणी बाईनं उचलला, तीच शेजारीण असावी. तिला इंग्रजी येत नव्हतं, मला तिची भाषा. ती एकच शब्द पुन्हा पुन्हा सांगत होती आणि मी "हॅलो, हॅलो, डॉक्टर?" करत होते. शेवटी ती रडायला लागली. तेव्हा मला कळलं.

आणि अकरा दिवसांनी संग्रहालयाची दुसरी ईमेल आली. सगळ्यांना एकदम पाठवलेली होती. फिल्म आता धुऊन साफ केली आहे, त्यामुळे काही सेकंद जास्त मिळाले आहेत. तसंच कळवण्यास खेद वाटतो की मागची कच्ची प्रत उलट्या बाजूनं उतरवली गेली होती; साफ केल्यावर दुकानाची पाटी वाचता आली तेव्हा हे ध्यानात आलं. दुरुस्त प्रत सोबत जोडली आहे.

मी तेव्हा हॉस्पिटलात होते, दुपारच्या नमाजाची वेळ होती, खोलीत कुणी पेशंट नव्हता. उलट्या बाजूनं म्हणजे काय ते मला आधी कळलंच नाही. प्रत उघडली. रस्ता स्वच्छ, गाढव स्वच्छ, पाटीवरची अक्षरं ठळक. तिघं जण आता उजवीकडून आले. मला वाटलं, दुसराच तुकडा असेल. मग मी जुनी प्रत लावली आणि भिंतीवरच्या आरशासमोर जाऊन फोन आरशाकडे धरला. आरशात नवी प्रत दिसली. तीच. पहिल्यानं उजव्या हातानं टोपी उचलली. दुसऱ्यानं उजव्या हातानं. तिसरा मागून आला, उजवा ताठ पाय बाहेरून फिरवत, खांदा वर घेत.

ज्या आरशासमोर मी वीस वर्षं बायकांना सांगत आले की आरशात नको बघू, स्वतःच्या पायाकडे बघ, त्याच आरशासमोर मी फतकल मारून बसले. बैल गेला नि झोपा केला.

जास्तीचे काही सेकंद मी नंतर बघितले, घरी, नवऱ्याबरोबर. एकटीनं बघायची हिंमत झाली नाही. बाहीच्या मागून बाई येते, उंच, मोठी टोपी घातलेली. पहिल्याकडे बघत नाही. दुसऱ्याकडे बघत नाही. तिसऱ्यालाही ओलांडते. थांबते. वळते. तो टोपी वर धरून उभा आहे, आणि ती त्याच्याकडे बघते. बघतच राहते. त्याचा चेहरा आता स्पष्ट दिसतो, जरा हनुवटी वर, राजाच्या भूमिकेत उभा राहिल्यासारखा. नवरा म्हणाला, "अगं, खरं बोलत होता की म्हातारा."

मी संग्रहालयाला लिहिलं. लांबलचक लिहिलं, खांदा, गुडघा, पावाची रांग, सगळं. त्यांचं उत्तर दोन दिवसांत आलं, अतिशय सभ्य. आपलं त्यांच्याशी नातं काय, असं विचारलं होतं. मी लिहिलं, फिजिओथेरपिस्ट. मग त्यांनी आणखी सभ्यपणे कळवलं की ते मला खोटं समजत नाहीत, पण मी आजोबांना कधी पाहिलेलं नाही, आणि घराण्यातल्या शेवटच्या व्यक्तीचं लेखी म्हणणं त्यांच्याकडे आहे, ते 'नाही' असं आहे. दुसरा लेखी पुरावा, एखादा फोटो वगैरे मिळाला तर जरूर विचार करू. फोटो बाईंच्या घराच्या माळ्यावर होता, शेजारणीनं ठेवलेला. मी तिला फोन लावते. ती माझा आवाज ओळखते, माझं नाव घेते, आणि आम्ही दोघी एकमेकींना न कळणाऱ्या भाषांत काहीतरी बोलून फोन ठेवतो. एकदा मी तिकडची भाषा येणारं कुणी शोधून तिच्याशी बोलायला लावलं. बाईंचं घर विकलं गेलं होतं, माळा रिकामा केला होता.

यादी आता त्यांच्या संकेतस्थळावर आहे. नवऱ्यानं ती संगणकावर भाषांतर करून वाचून दाखवली. गाढवाच्या मालकाचंसुद्धा नाव आहे त्यात. आणि खाली: टोपी उचलणारा तिसरा माणूस, अज्ञात.

नवरा म्हणतो, तुझी काय चूक? चित्रच उलटं होतं. खरं आहे. पायाच्या बाबतीत मी जे दिसलं तेच सांगितलं, आणि ते ज्या बाजूनं दिसलं त्या बाजूनं बरोबर होतं. पण टोपीचं मी नुसतं म्हटलं असतं की डॉक्टर, तुमच्याकडे सगळे डाव्या हातानं नमस्कार करतात का हो, तर त्या ताडकन उठल्या असत्या. "मूर्ख मुली," म्हणाल्या असत्या, "कुणीच करत नाही!" आणि पुढचं त्यांनी आपोआप ओळखलं असतं. ते गाव मला इतकं आवडलं होतं की मी विचारलं नाही. तसं गाव कुठेच नाही हेही मला आता कळलं आहे, पण त्याचं दुःख मला फारसं उरलेलं नाही.

सात वर्षांच्या असताना बाईंनी आजोबांना एकदा खोटारडं म्हटलं, आणि ते त्यांना जन्मभर सलत राहिलं. दुसऱ्यांदा ते मी त्यांच्याकडून लिहून घेतलं. नाव त्यांचं होतं. बटण मी दाबलं, चांगल्या हातानं.